डेमो फुकट होते, म्हणून ते जपायचेच नाहीत का?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

मागच्या रविवारच्या पुरवणीत जुन्या सिनेमांच्या रिळांवर जो लेख होता तो वाचला आणि तेव्हापासून हे पत्र लिहायचं मनात होतं. 'आलम आरा' हा आपला पहिला बोलपट, १९३१ साली मुंबईत मॅजेस्टिक थिएटरला लागला, लोकांची झुंबड उडाली आणि आज त्याची एकही प्रिंट शिल्लक नाही, फोटो आहेत, पोस्टर आहे, पण सिनेमा नाही. हे वाचून वाईट वाटणारे लाखो लोक आहेत याची मला खात्री आहे. पण अगदी तसंच काहीतरी गेली दहा-बारा वर्षं आपल्या डोळ्यासमोर चाललंय आणि त्याबद्दल मराठी पेपरात एक ओळसुद्धा मी वाचलेली नाही, म्हणून लिहितोय. विषय आहे व्हिडिओ गेमच्या डेमोंचा. पत्र जरा लांबणार आहे, पण कृपया पूर्ण वाचा.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. आंबेवाला जशी एक फोड कापून हातावर ठेवतो, खाऊन बघा, गोड लागला तर पेटी घ्या, तसं गेम बनवणारी कंपनी गेमचा एक छोटा भाग फुकट देते, त्याला डेमो म्हणतात. एखादी लेव्हल, एखादा रस्ता, एखादी मॅच. आवडलं तर पूर्ण गेम विकत घ्यायचा. आधी हे डेमो फ्लॉपीवर आणि सीडीवर यायचे, नंतर इंटरनेटवरून उतरवायचे, आणि आता तर कन्सोलच्या (म्हणजे गेम खेळायच्या खास मशीनच्या) किंवा कॉम्प्युटरच्या ऑनलाइन दुकानातूनच मिळतात, दुसरीकडे कुठेच नाही. इथेच सगळी गोची झालीय.

मी मिरजेत राहतो, शाळेत कॉम्प्युटर शिकवतो, वय एक्केचाळीस. आमच्या घरी कॉम्प्युटर आला १९९९ ला. त्या वेळी ओरिजिनल गेमची सीडी हजार-दीड हजाराला मिळायची, आणि ते पैसे मागायची हिंमत आमच्या घरात कुणातच नव्हती. मग आमचा आधार म्हणजे कॉम्प्युटरच्या मासिकांबरोबर येणाऱ्या सीड्या. 'चिप', पुढे 'डिजिट', मग त्याची 'स्कोअर' नावाची गेमिंगची पुरवणी, हे ज्यांनी बघितलंय त्यांना आत्ता लगेच तो प्लॅस्टिकच्या पाकिटाचा वास आठवला असेल. महिन्याच्या सुरुवातीला स्टेशनजवळच्या स्टॉलवर चकरा मारायच्या, अंक आला का, अंक आला का. तिघा मित्रांनी वर्गणी काढून एक अंक घ्यायचा आणि सीडी आळीपाळीने प्रत्येकाच्या घरी. सीडीवर अँटिव्हायरस, स्क्रीनसेव्हर, काय काय असायचं, पण आम्ही थेट गेम डेमोचा फोल्डर उघडायचो. शिकागो शहरात गाडी पळवायचा 'मिडटाऊन मॅडनेस' आला होता १९९९ ला, त्याचं ट्रायल व्हर्जन त्या काळात कितीतरी शाळांच्या लॅबमध्ये होतं. मोजक्याच गाड्या, पण आम्ही ते वर्ष-वर्ष खेळलो, आम्हाला शिकागोचे रस्ते कोल्हापूरच्या रस्त्यांपेक्षा जास्त पाठ होते. पूर्ण गेम मी आजपर्यंत खेळलेलो नाही. आमच्यासाठी डेमो हाच पूर्ण गेम होता, आणि मला वाटतं आपल्याकडच्या तालुक्याच्या गावांत वाढलेल्या एका अख्ख्या पिढीचं हेच आहे. पैसेवाल्या देशात डेमो म्हणजे जाहिरात असेल, आपल्याकडे तेच आमचं खेळणं होतं.

त्या सीड्या मी कधी टाकल्या नाहीत. एका पत्र्याच्या ट्रंकेत भरून सांगलीला मामाकडे ठेवल्या होत्या, गावभागात, तळमजल्यावर. ऑगस्ट २०१९ च्या महापुरात तो तळमजला पूर्ण पाण्याखाली गेला. पाणी ओसरल्यावर ट्रंक उघडली तर आत गाळ. मामी म्हणाली टाकून दे बाबा, काय करायचंय त्यांचं आता, आणि खरं सांगायचं तर घरातल्या गाद्या, धान्य, कागदपत्रं, सगळं गेलेलं असताना सीड्यांचं बोलायला मलाच लाज वाटत होती. तरी घरी आणल्या, साध्या पाण्याने हलक्या हाताने धुतल्या, चादरीवर सावलीत वाळवल्या. चाळीसेक असतील. त्यातल्या बहुतेक सगळ्या चालल्या. वीस वर्षं जुनी, महापुरातून निघालेली मासिकाची सीडी ड्राइव्हमध्ये घातली आणि तो फोल्डर उघडला, तेव्हा मला काय वाटलं ते मी लिहू शकत नाही. ज्या गेल्या त्या बहुतेक आम्ही घरी राइट केलेल्या होत्या, त्यांचा थर लवकर खराब होतो, कारखान्यात छापलेल्या सीड्या दणकट असतात.

आता याच्या उलट ऐका. माझ्या मावसभावाच्या मुलाकडे एक हातात धरून खेळायचा कन्सोल होता. कुठल्या कंपनीचा ते सांगत नाही, माझं भांडण कुणा एकाशी नाहीये. त्यावर त्याने काही गेम विकत घेतले होते आणि दहा-बारा डेमो उतरवले होते. कन्सोल बिघडला, दुरुस्तीला दिला, दुकानदाराने न विचारता फॉरमॅट मारला. विकत घेतलेले गेम खात्यातून परत उतरवता आले. डेमो एकही आला नाही, कारण तोवर दुकानातून ते काढून टाकले होते. मुलगा दोन दिवस जेवला नाही नीट, आणि घरातले म्हणत होते की अरे फुकटचं तर होतं, त्यासाठी रडतोस काय. पण मुद्दा तोच आहे ना. फुकट होतं म्हणून त्याची पावती नाही, पावती नाही म्हणून खात्यात नोंद नाही, नोंद नाही म्हणून परत मागायला जागा नाही. वीस वर्षांपूर्वीची सीडी कृष्णेच्या पुरातून वाचली आणि परवा-परवा उतरवलेला डेमो एका बटणाने गेला.

हे असं का होतं? मी यावर बराच विचार केलाय आणि मला उत्तर साधं वाटतं. जे कॉपी करायची परवानगी होती ते वाचलं, जे कुलूपबंद होतं ते गेलं. याचं सगळ्यात मोठं उदाहरण म्हणजे 'डूम'. १० डिसेंबर १९९३ ला इड सॉफ्टवेअर या टेक्सासमधल्या छोट्या कंपनीने या गेमचा पहिला भाग, नऊ लेव्हल, विस्कॉन्सिन विद्यापीठाच्या सर्व्हरवर चढवला आणि लोकांना सांगितलं की घ्या, वाटा, मित्राला द्या. बाकीचे भाग हवे असतील तर पैसे पाठवा. याला शेअरवेअर म्हणायचे. त्या सर्व्हरवर इतकी गर्दी झाली की तो कोलमडला. मग लोकांनी तो फ्लॉपीवरून फ्लॉपीवर, सीडीवरून सीडीवर नेला, आपल्याकडेही तो असाच फिरत फिरत आला. आज तीस वर्षांवर काळ लोटला, पण डूमचा तो फुकटचा भाग जगातून नाहीसा करायचा म्हटलं तरी कुणाला जमणार नाही, इतक्या ठिकाणी तो पडलेला आहे. तुकोबांची गाथा इंद्रायणीत बुडवली तरी लोकांच्या तोंडपाठ होती म्हणून राहिली असं आपण म्हणतो, त्यातलाच हा प्रकार. अनेकांकडे प्रत होती म्हणून ते टिकलं.

ऑनलाइन दुकानातल्या डेमोचं तसं नाही. फाइल तुमच्या मशीनवर येते खरी, पण ती कुलूप लावून येते आणि किल्ली तुमच्याच मशीनला बांधलेली असते. तीच फाइल पेनड्राइव्हवर घालून मित्राच्या मशीनवर नेली तर चालत नाही. काही डेमो तर मोजून दिलेले असायचे. निन्टेन्डो या जपानी कंपनीच्या थ्रीडीएस या हातातल्या कन्सोलवर बऱ्याच डेमोंना ठरावीक वेळाच सुरू करायची मर्यादा असायची, तीसेक वेळा वगैरे, ते संपले की संपले. त्याच्याही आधी निन्टेन्डो डीएसच्या काळात परदेशात दुकानात डाउनलोड स्टेशन असायची, तिथे उभं राहून हवेतून डेमो उतरवायचा, पण तो मशीनच्या तात्पुरत्या मेमरीत बसायचा आणि मशीन बंद केली की पुसला जायचा. म्हणजे जपून ठेवायचा म्हटला तरी साध्या माणसाने ठेवायचा कुठे?

आणि मग एक दिवस दुकानच बंद होतं. निन्टेन्डोने वी या कन्सोलचं दुकान ३० जानेवारी २०१९ ला बंद केलं, मग थ्रीडीएस आणि वी यू या दोन्हींचं २७ मार्च २०२३ ला. त्या वेळी कंपनीने आधीच स्पष्ट सांगितलं होतं की विकत घेतलेलं परत उतरवता येईल, पण नवीन खरेदी बंद आणि डेमोंसकट सगळं फुकटचं सामानही बंद. मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्स ३६० या कन्सोलचं दुकान २९ जुलै २०२४ ला बंद केलं, २००५ पासून चालू होतं ते, आणि तिथे एक फार चांगली गोष्ट होती, आर्केड नावाच्या विभागात येणाऱ्या प्रत्येक गेमला फुकट ट्रायल ठेवायचाच असा कंपनीचा सुरुवातीपासूनचा नियम होता. त्यामुळे कितीतरी छोट्या गेमची ओळख लोकांना तिथे झाली. सोनीने २०२१ साली प्लेस्टेशन ३ आणि व्हीटा या आपल्या कन्सोलांचं दुकान बंद करायचं जाहीर केलं होतं, लोकांनी ओरड केल्यावर त्यांनी तो निर्णय मागे घेतला, म्हणजे बोललं तर फरक पडतो हे पण खरं आहे. हे सगळं होत असताना बातम्या आल्या त्या गेमच्या, आता हे गेम विकत मिळणार नाहीत वगैरे. डेमोंसाठी कोण रडणार?

एका डेमोसाठी मात्र जग रडलं, आणि त्याची गोष्ट सांगितल्याशिवाय हे पत्र पुरं होणार नाही. १२ ऑगस्ट २०१४ ला प्लेस्टेशन ४ च्या दुकानात 'पी.टी.' नावाचा एक फुकट डेमो गुपचूप आला. बनवणारा म्हणून ७७८०एस स्टुडिओ असं कुणी न ऐकलेलं नाव. खेळाडू एका घराच्या बोळासारख्या रस्त्यातून चालत जातो, कोपऱ्यावर वळतो, शेवटचं दार उघडतो आणि परत त्याच बोळाच्या सुरुवातीला येतो. बस, एवढंच. पण प्रत्येक फेरीला काहीतरी थोडं बदललेलं असतं, दिवा हलतोय, रेडिओवर कुणीतरी बोलतंय, बाथरूमचं दार किलकिलं झालंय, आणि त्या घरात आणखी कुणीतरी आहे. मी रात्री एका मित्राकडे तो बघितला आणि घरी येताना गल्लीच्या कोपऱ्यावर वळायला मला भीती वाटली. शेवटचं कोडं इतकं अवघड होतं की जगभरातल्या लोकांनी मिळून डोकं लावलं, आठवडाभर तरी लागेल असा बनवणाऱ्यांचा अंदाज होता, ते काही तासांत सुटलं. आणि कोडं सुटल्यावर कळलं की हे सगळं हिदेओ कोजिमा या नावाजलेल्या जपानी गेमकाराने केलंय आणि ही 'सायलेंट हिल्स' या नव्या गेमची झलक आहे, बरोबर सिनेदिग्दर्शक गिलेर्मो देल तोरो आणि नट नॉर्मन रीडस. सप्टेंबर उजाडेपर्यंत दहा लाखांवर लोकांनी तो उतरवला होता.

पुढच्या वर्षी कोजिमा आणि हा गेम काढणाऱ्या कोनामी कंपनीचं फाटलं. एप्रिल २०१५ मध्ये गेम रद्द झाला आणि २९ एप्रिलला पी.टी. दुकानातून काढला. पुढे तर ज्यांनी आधी उतरवला होता आणि मग डिलीट केला त्यांनाही तो परत मिळेना. लोक पी.टी. असलेले जुने कन्सोल हजार-हजार डॉलरला विकायला लागले, एका फुकट डेमोसाठी! नवीन प्लेस्टेशन ५ आला, त्यावर जुने गेम चालतात पण हा चालत नाही. म्हणजे आता तो राहिलाय फक्त दहा-अकरा वर्षं जुन्या मशीनच्या हार्ड डिस्कवर, आणि हार्ड डिस्क कधी ना कधी जाणारच. २०१८ साली एका सतरा वर्षांच्या मुलाने तो डेमो स्वतःच्या मेहनतीने जसाच्या तसा कॉम्प्युटरवर परत बनवला आणि फुकट वाटला, तर कंपनीने तोही काढायला लावला.

इथे एक गोष्ट नीट लक्षात घ्या. पी.टी. हा कुठल्या गेमचा तुकडा नाही, कारण तो गेम झालाच नाही. 'आधी डेमो होता पण आता पूर्ण गेम मिळतोय ना' हे म्हणायचीच सोय नाही. जे काही आहे ते एवढंच. आणि ज्यांनी आपल्या मशीनवर तो जपून ठेवला त्यांच्यामुळे काय झालं बघा. २०१९ मध्ये एका जाणकाराने आत शिरून कॅमेरा वळवून बघितला तेव्हा कळलं की टॉर्च हातात आल्यापासून ती भुताची बाई खेळाडूच्या अगदी पाठीला चिकटून उभी असते, पूर्ण वेळ, आपल्याला दिसत नाही एवढंच. पाच वर्षं लाखो लोक घाबरत होते आणि का घाबरत होते ते तेव्हा समजलं. प्रत शिल्लक नसती तर हे कुणाला कधीच कळलं नसतं.

आणि पी.टी. हा काही एकटा अपवाद नाही. 'हाफ लाइफ' चा १९९९ साली 'अपलिंक' नावाचा डेमो आला होता, त्यातला भाग मूळ गेममध्ये नाहीच, तो स्वतंत्र आहे. तो कॉम्प्युटरचा होता, उघडा वाटला होता, म्हणून आजही सापडतो. बरेचदा डेमोत वेगळं संगीत असतं, वेगळे आवाज असतात, पुढे बदललेली किंवा काढून टाकलेली पात्रं असतात. लेखकाच्या हस्तलिखितात खोडलेल्या ओळी असतात ना, अभ्यास करणाऱ्याला त्याच हव्या असतात. डेमो म्हणजे गेमचा तसा कच्चा खर्डा असतो, कधीकधी तो एकच खर्डा लोकांसमोर आलेला असतो.

आता कुणीही म्हणेल की अहो ही जाहिरात आहे, जाहिरात कोण जपतं. त्यांना माझं सांगणं आहे की पुण्याला राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात एकदा जाऊन या. १९६४ ला सुरू झालेली ही संस्था, पी. के. नायर यांनी आयुष्य घालवून उभी केली, कुठेकुठे फिरून त्यांनी रिळं गोळा केली, फाळक्यांच्या १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र' चा जेवढा भाग आज आहे तो अशाच माणसांमुळे आहे. आणि तिथे फक्त रिळं नाहीत. पोस्टर आहेत, थिएटरबाहेर लावायचे फोटो आहेत, दोन-चार आण्याला मिळायच्या त्या गाण्यांच्या चोपड्या आहेत. सगळी जाहिरातच की. जुना दिवाळी अंक हातात आला की आपण आधी त्यातल्या साबणाच्या, केसांच्या तेलाच्या जाहिराती वाचतो, त्यातून तो काळ कळतो, भाव कळतात, लोकांना काय हवं होतं ते कळतं. गेमचा डेमो तर त्याहून मोठा, तो खेळता येतो.

बाहेरच्या देशात यावर काम करणारे लोक आहेत. अमेरिकेत व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन म्हणून संस्था आहे, त्यांनी जुलै २०२३ मध्ये एक अभ्यास प्रसिद्ध केला की २०१० च्या आधी अमेरिकेत आलेल्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात विकत मिळत नाहीत. हा आकडा पूर्ण गेमचा आहे, डेमोंची तर कुणी मोजदादसुद्धा करत नाही. जुन्या डिजिटल गोष्टी जपणाऱ्या इंटरनेट अर्काइव्ह या साइटवर शेअरवेअरच्या आणि मासिकांच्या हजारो जुन्या सीड्या लोकांनी चढवून ठेवल्यात, २०१५ पासून विंडोजच्या आधीच्या डॉसचे जुने गेम तिथे ब्राउझरमध्येच खेळता येतात, माझ्या विद्यार्थ्यांना मी तिथूनच दाखवतो. कन्सोलची दुकानं बंद व्हायच्या आधी हौशी लोकांनी रात्रंदिवस बसून जेवढं उतरवता येईल तेवढं उतरवून ठेवलं. पण हे सगळं कायद्याच्या कडेकडेने चाललंय. लायब्ऱ्यांनी आपल्याकडचे जुने गेम अभ्यासकांना घरबसल्या बघू द्यावेत अशी परवानगी मागितली होती, अमेरिकेच्या कॉपीराइट ऑफिसने ऑक्टोबर २०२४ मध्ये ती नाकारली.

आपल्याकडचा कायदा मी वाचून काढला, वकील नाही पण वाचता येतं. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात २०१२ ला दुरुस्ती झाली, कलम ५२ मध्ये एक चांगली सवलत आली की ना-नफा सार्वजनिक ग्रंथालयाला जतन करण्यासाठी कुठलीही कृती इलेक्ट्रॉनिक स्वरूपात साठवता येईल. पण अट काय, तर त्या ग्रंथालयाकडे त्या कृतीची डिजिटल नसलेली प्रत आधीपासून हवी. आता सांगा, जो डेमो जन्मालाच आला डाउनलोड म्हणून, त्याची डिजिटल नसलेली प्रत आणायची कुठून? पुस्तकासाठी ही अट ठीक आहे, गेमसाठी या अटीने दारच बंद होतं. दुसरा कायदा १९५४ चा, पुस्तकं आणि वर्तमानपत्रं ग्रंथालयांना द्यायचा. देशात छापलेल्या प्रत्येक पुस्तकाची प्रत तीस दिवसांच्या आत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि आणखी तीन ग्रंथालयांना द्यायची, त्यातलं एक आपल्या मुंबईतलं. तुमचा पेपर पण त्यात येतो. किती दूरदृष्टीचा कायदा होता हा, देश स्वतंत्र होऊन सात वर्षं झाली होती, खायचे वांधे होते, तरी आपण ठरवलं की छापलेलं जपायचं. त्यात सॉफ्टवेअरचा उल्लेख नाही कारण १९५४ ला सॉफ्टवेअर नव्हतं. आज आहे. आज त्या यादीत गेम आणि त्यांचे डेमो घालायला काय हरकत आहे, निदान आपल्या देशात बनलेले तरी?

कारण आपल्या देशात ते बनतायत. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या स्टुडिओने 'राजी' हा गेम बनवला, ऑगस्ट २०२० मध्ये आला, जगभर खेळला गेला, आपल्या पुराणांवर आधारलेला. अशी कितीतरी छोटी छोटी टीम पुण्या-मुंबईत, आता तर कोल्हापूर-नाशिकलाही काम करतायत. स्टीम या कॉम्प्युटर गेमच्या ऑनलाइन दुकानात वर्षातून तीनदा नेक्स्ट फेस्ट नावाची जत्रा भरते, २०२१ पासून, आठवडाभर शेकडो नव्या गेमचे डेमो एकदम ठेवतात. जत्रा संपली की त्यातले बरेच डेमो काढून घेतले जातात. कारणं मला समजतात, डेमो जुना झालेला असतो, त्यात चुका असतात, टीम छोटी असते, दोन-दोन आवृत्त्या सांभाळायला माणसं नसतात. ठीक आहे, दुकानातून काढा. पण एक प्रत कुठेतरी ठेवा. जुलै २०२४ पासून स्टीमवर डेमोला स्वतःचं वेगळं पान ठेवता येतं, लोक त्यावर वेगळा अभिप्राय देऊ शकतात, म्हणजे डेमो ही स्वतंत्र गोष्ट आहे हे निदान दुकानाने मान्य केलंय.

माझ्या नववी-दहावीच्या मुलांनी गेल्या वर्षी एक छोटा गेम केला, अंबाबाईच्या देवळाजवळून मिरज स्टेशनपर्यंत ट्रॅफिकमधून सायकल काढायची. पहिली आवृत्ती त्यांनी स्नेहसंमेलनात सगळ्यांना खेळायला दिली, नंतर सुधारत गेले आणि पहिली पुसून टाकली, जागा कमी पडते म्हणून. मी रागावलो त्यांच्यावर, मग त्यांना समजावलं, आता ते प्रत्येक आवृत्ती तारीख घालून वेगळी ठेवतात. शाळेतली पोरं हे करू शकतात तर कंपन्यांना का जमू नये? कंपन्यांकडे माझं मागणं फार मोठं नाही. दुकान बंद करताना त्यातले डेमो एखाद्या ग्रंथालयाला, संग्रहालयाला देऊन टाका, कुलूप काढून द्या. ते तुम्ही फुकटच वाटत होतात, त्यातून तुमचा रुपयाही बुडत नाही. संगीताचे हक्क, नटांचे करार अशा अडचणी असतात हे मला माहीत आहे, मग लगेच लोकांना नका देऊ, पन्नास वर्षांनी द्या, पण आज कुणाच्या तरी हातात सोपवा, नाहीतर पन्नास वर्षांनी द्यायला काहीच उरणार नाही.

आणि वाचकांना एक कळकळीची विनंती. येत्या दिवाळीच्या साफसफाईत माळ्यावर मासिकांच्या सीड्या सापडतील. त्या भंगारात देऊ नका, मुलांना चित्रकामाला देऊ नका, झाडाला पाखरं हाकलायला बांधू नका. कुठल्या महिन्याची, कुठल्या वर्षाची आहे ते पाकिटावर लिहा, सीडीवर पेनने लिहू नका. ज्यांच्याकडे अजून सीडी ड्राइव्ह आहे त्यांनी तिची इमेज काढून ठेवा, नुसत्या फाइल कॉपी करू नका, पूर्ण सीडीची एक अखंड फाइल करा, फुकट सॉफ्टवेअर मिळतात त्यासाठी. मऊ सुती कापडाने पुसायची असेल तर मधून बाहेर सरळ पुसा, गोल गोल नाही. मराठीतून किंवा आपल्याकडच्या लोकांनी बनवलेलं जे काही त्यावर असेल, मराठी फाँट, पंचांगाचे प्रोग्राम, मुलांचे बाराखडीचे खेळ, ते तर दुसऱ्या कुठल्या देशात कुणी जपलेलं असण्याची शक्यता फारच कमी, ते फक्त तुमच्या माळ्यावर आहे.

ज्यांना हे जमणार नाही त्यांच्यासाठी मी करून देईन. माझ्याकडे दोन चालू ड्राइव्ह आहेत, शाळेच्या लॅबमध्ये रविवारी सकाळी दहा ते एक बसायची परवानगी मुख्याध्यापिका बाईंनी दिली आहे. सीडी तुमची तुम्हालाच परत मिळेल, फाइलची एक प्रत तुमच्या पेनड्राइव्हवर आणि एक माझ्याकडे. मामाच्या ट्रंकेतल्या सीड्यांच्या इमेज काढून झाल्यात, फक्त तीन अजून वाचल्या जात नाहीयेत, त्यातली एक २००१ च्या जूनची आहे. तो अंक आणि त्याची सीडी कुणाकडे असेल तर कृपया कळवा. माझा पत्ता आपल्या कार्यालयाकडे दिलेला आहे.

आपला,
एक शिक्षक वाचक
मिरज